न आलेल्या मंत्र्याचं भाषण

आमच्या घरात सरकार गुरुवारी तयार होत असे. सकाळी माय ओसरी सारवून घेई, ती वाळली की बाबा चटई अंथरत, मधोमध पाटावर सायक्लोस्टाइलची, म्हणजे कोरलेल्या मेणकागदावरून प्रती काढायची, लाकडी चौकट मांडत, आणि दुपार कलेपर्यंत मुंबईचं सगळं सचिवालय, मंत्री, उपमंत्री, त्यांचे निर्णय आणि त्यांच्या कुरबुरी, काळ्या शाईत ओलं होऊन आमच्या ओसरीभर वाळत पडलेलं असे. वारा सुटला की मी कागदांवर ठेवायला खडे घेऊन धावायची. एकदा शेजाऱ्यांच्या शेळीनं महसूल खात्याची तीन पानं खाल्ली, तेव्हा बाबा तिला नव्हे, मला बोलले. शाईचा आणि मेणकागदाचा तो वास मायच्या भाकरीपर्यंत जाऊन पोचायचा. बाहेरगावच्या पाहुण्याला आमच्याकडे गुरुवारचं जेवण जरा कडवट लागत असे. आम्हांला मात्र बाकीच्या दिवसांचं जेवण अळणी वाटे.

हे सगळं आता लिहायचं कारण सुशीताई. ती गेली त्याला वर्ष होत आलं. तिच्या कपाटातली पुस्तकं मी हळूहळू लावते आहे आणि त्यातच हे लिहिते आहे. एका दिवसात दोन पुस्तकं लावून होतात, आणि परिच्छेद एखादाच. आमच्या दोघींत बोलणारी ती होती. मी ऐकणारी. त्यामुळे घरातल्या गोष्टी सांगायचं काम माझ्याकडे येईल असं मला कधी वाटलं नव्हतं.

बाबा मेहकरच्या तालुका कचेरीबाहेर बसून लोकांचे अर्ज लिहून देत. आधी आमचं सरकार नागपूरला होतं. तिथं कुठल्या दारात उभं राहायचं, कुठल्या शिपायाला कोणत्या नावानं हाक मारायची, हे आमच्या भागातल्या माणसांना ठाऊक होतं. मग सरकार मुंबईला गेलं आणि नवं राज्य झालं. लोक आनंदले, आणि नंतर गोंधळले. बाबांकडे अर्ज लिहायला येणारा माणूस विचारी, "काका, आता हे कोनाच्या नावानं लिवाचं?" रोज तेच तेच सांगून बाबांचा घसा बसायला लागला. तेव्हा त्यांनी 'सरकार-वार्ता' काढली. चार पानी, साप्ताहिक, फक्त वर्गणीदारांसाठी. मुंबईत काय ठरलं, कोणतं खातं कोणाकडे गेलं, कोणता मंत्री कोणावर रुसला, आणि याचा आपल्या तालुक्याला उपयोग काय. बाबांनी मुंबई कधी पाहिली नव्हती. पण संध्याकाळी शेजारच्या दुकानातला रेडिओ ते असा कान लावून ऐकत, की बातम्या सांगणाऱ्याला खोकला आला तरी त्यातून त्यांना मंत्रिमंडळातले मतभेद कळत.

वर्गणीदार आमच्या डोणगावचे होते, सुलतानपूरचे होते, मेहकरचे तर बरेच: सरपंच, अडते, मास्तर, एक वैद्य, दोन वकील, आणि शिक्षण खात्याची कचेरी. कचेरीकडून वर्गणी वेळेवर येई. बाकीच्यांची मळ्यातून येई. सुलतानपूरचे वर्गणीदार वांगी, मिरच्या, अंबाडीच्या जुड्या पाठवत, आणि मायला वर्गणीदारांची नावं ठाऊक नव्हती तरी त्यांची वांगी ओळखू येत. अंकात कापसाच्या भावाबद्दल काही लिहून आलं, की भोपळा हमखास. त्यामुळे राज्यकारभाराकडे पाहण्याची मायची एक स्वतंत्र दृष्टी तयार झाली होती. "या हप्त्यात कापसावर काई नाई का?" असं ती अधूनमधून विचारी.

अंक गुरुवारी संध्याकाळच्या एस.टी.नं निघे आणि गावोगाव शुक्रवारी, शनिवारी हातात पडे. यातून बाबांची एक पद्धत तयार झाली. शुक्रवारी होणारी सभा गुरुवारी लिहिताना 'होणार आहे' असं लिहिलं, तर शनिवारी वाचणाऱ्याला ते शिळं वाटणार. म्हणून बाबा 'झाली' असं लिहीत. सभा झाली. अध्यक्षांना हार घातला. पाहुण्यांनी विकासावर भर दिला. आभार मानले गेले. यात त्यांना काही गैर वाटत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर चूकही कधी झाली नव्हती, कारण सरकारी कार्यक्रमात आधी न कळण्यासारखं काही नसेच. गावातले अंक मात्र गुरुवारीच वाटले जात. डोणगावच्या लोकांना उद्याची हकीकत भूतकाळात वाचायची इतकी सवय झाली होती की तिलाच ते कार्यक्रमपत्रिका समजत. आपण नारळ आधी फोडला की हार आधी घातला, हे सरपंच अंक उघडून पाहत आणि दुसऱ्या दिवशी तसंच करत.

मेणकागदावर लिहायचं काम सुशीताईचं. लोखंडी लेखणीनं, मेण फाटू न देता, अक्षर न थांबता लिहावं लागतं. बाबा येरझाऱ्या घालत सांगायचे आणि ती लिहायची. त्या वर्षी तिची सातवी झाली होती, आणि डोणगावची शाळा सातवीलाच संपत होती. पुढं शिकायचं तर मेहकर. मुलीनं रोज एस.टी.नं जाणं घरात कोणाला पटत नव्हतं, बाबांनाही नाही. सुलतानपूरला दिलेल्या आमच्या आत्यानं तिथलंच एक स्थळ आणलं होतं. मुलाकडचे लोक चांगले होते, मळा होता, आणि तेही 'सरकार-वार्ते'चे वर्गणीदार होते. दिवाळीनंतर बोलणी पक्की करायची, असं चाललं होतं. ताई तेव्हा चौदा वर्षांची.  ती चुलीजवळ बसून जुन्या अंकांची वाया गेलेली पानं पुन्हा पुन्हा वाचायची. घरात तेवढाच कागद होता.

अशात कार्यक्रम आला. शाळेला नवी खोली बांधली होती आणि तिच्या उद्घाटनाला शुक्रवारी एक मंत्री येणार होते. आमच्या गावात मंत्री म्हणजे तोपर्यंत आमच्या ओसरीवर वाळणारी गोष्ट. चालता-बोलता कोणी पाहिला नव्हता. गुरुवारी बाबा भलतेच फुलले होते. शाळेचे हेडमास्तर इंगळे गुरुजी चहाला येऊन बसले होते. शांत माणूस. बाबासाहेबांचा फोटो त्यांच्या घरात होता तसाच शाळेतही होता, आणि आठवीचा वर्ग मागणारे त्यांचे अर्ज बाबांनीच दरवर्षी लिहून दिलेले होते. मेणकागदावर स्वागत झालं, हार झाला, फीत कापून झाली. भाषण लिहायची वेळ आली. बाबांनी एक वाक्य रचलं: "ज्या घरात शाळेचा दिवा पोचला नाही, त्या घरी सरकार पोचलं असं मी मानत नाही." गुरुजींनी मान डोलावली. मंत्र्याला हे सुचलं असतं तर फार बरं झालं असतं, असं ते म्हणाले.

मायनं आतूनच विचारलं, जेवणाचं काही लिहिलं की नाही. मंत्र्यासाठी वांग्याचं भरीत तिच्याकडे सांगितलेलं होतं. मग 'येथील भरिताची माननीय मंत्र्यांनी विशेष प्रशंसा केली' हेही आलं. तरी पानाच्या तळाला चार ओळींची जागा उरली. मोकळी जागा बाबांना सोसत नसे. मंत्री आला म्हणजे काहीतरी जाहीर करून जातोच, तेव्हा इथं एक घोषणा पाहिजे, असं त्यांचं म्हणणं पडलं. मायनं नळ सुचवला. गुरुजी संकोचानं बशीतला चहा फुंकत राहिले. बाबा ताईकडे वळले.

"तू लिहून राह्यली, तूच सांग. काय जाहीर करन तो?"

ताईनं लेखणी वर उचलली नाही. खाली बघतच म्हणाली, "आठवी."

बाबा थांबले. मग गुरुजींकडे बघून म्हणाले, "म्हनू शकते ना? बोलाले त्याचं काय जाते."

आणि ताईनं लिहिलं: येत्या जूनपासून याच खोलीत मुलामुलींसाठी आठवीचा वर्ग सुरू करण्याचे माननीय मंत्र्यांनी टाळ्यांच्या गजरात जाहीर केले. त्या आठवड्याच्या अंकात हीच ओळ सगळ्यांत ठळक उमटली आहे. मेणकागद तिनं इतका दाबून कोरला होता.

शुक्रवारी मांडव होता, बँड होता, पोरांच्या हातात कागदी झेंडे होते. सरपंच कोट घालून, हातात अंक घेऊन उभे होते. दुपार झाली, हार कोमेजला, त्याच्यावर पाणी मारलं, तो पुन्हा कोमेजला. बँडवाल्यांना येत होती तेवढी लग्नातली गाणी वाजवून झाली. शेवटी उन्हं उतरताना एक पोलीस सायकलवर आला आणि त्यानं सांगितलं की मंत्र्यांची मोटार मेहकरच्या अलीकडे बंद पडली, दुरुस्त झाली, आणि दुरुस्त होताच आली त्या दिशेनं परत गेली.  मांडवातले सगळे बाबांकडे बघू लागले.

सरपंच अंक पुढे करून म्हणाले, "काका, म्या अंकापरमानं माह्यं सारं करून ठेवलं होतं. तुमच्याच मंत्र्यानं नाई केलं."

मग भरिताचं काय करायचं हा प्रश्न आला, तेव्हा सगळ्यांनी बसून ते खाल्लं आणि त्याची विशेष प्रशंसा केली. अंकातला तेवढा भाग खरा ठरला.

बाबा जेवले नाहीत. त्यांच्या 'सरकार-वार्ते'त पहिल्यांदा खोटी बातमी गेली होती, आणि अंक गावोगाव निघून गेले होते. पुढच्या अंकात पहिल्याच पानावर माफी मागायची, मंत्री आले नाहीत आणि काहीही जाहीर झालं नाही असं स्वच्छ लिहायचं, हे त्यांनी त्याच संध्याकाळी ठरवलं. ताईनं ते ऐकलं आणि ताटं घासायला घेतली. मला आठवतं, तिनं एकच ताट फार वेळ घासलं.

पण सोमवारपासून वेगळंच सुरू झालं. सुलतानपूरहून दोन बाप आपापल्या मुली घेऊन आठवीत नाव घालायला आले. इंगळे गुरुजींनी त्यांना पाणी दिलं, थोडा विचार केला आणि नावं लिहून घेतली. मंगळवारी आत्या आली. अंगणात पाय ठेवायच्या आधीच तिचं बोलणं सुरू झालं होतं. मुलाकडच्यांनी अंक वाचला होता. मंत्र्यानं भर सभेत सांगितल्यावर मुलीला आठवीच्या आधी शाळेतून काढून आणणं म्हणजे सरकारच्या विरोधात जाणं, असं त्यांचं मत पडलं होतं. जमिनीची त्यांची काही कामं तालुक्याला अडकलेली होती. तेव्हा आठवी होईपर्यंत ते थांबायला तयार होते.

"तुह्या त्या मंत्र्यानं माह्या तोंडचा घास काढला," आत्या बाबांना म्हणाली.

"तो आलाच नाई, बाई."

"आला नाई तं बोलला कसा?"

बाबांनी तिला समजावलं. येत्या गुरुवारी माफी छापतो, मग सगळं पूर्वीसारखं होईल, असंही सांगितलं. आत्याचा जीव भांड्यात पडला. ती आनंदानं भाकर खाऊन परत गेली. ताई त्या दिवशी विहिरीवरून पाणी आणत राहिली, रांजण भरून वाहत होता तरी.

बुधवारी शिक्षण खात्याचे साहेब जीपनं आले. ते आमच्या ओसरीवर बूट काढून बसले, हेच पहिलं आश्चर्य. मग चहा पिऊन म्हणाले, "काका, ते माफीचं काही छापू नका."

त्यांची अडचण सरळ होती. मंत्र्यांच्या कार्यक्रमाचा अहवाल कचेरीला वर पाठवायचा असे, आणि तो ते नेहमीप्रमाणे 'सरकार-वार्ते'वरून लिहून काढत. शनिवारी अंक आला आणि शनिवारीच अहवाल गेला: स्वागत, हार, फीत, भाषण, भरीत, आठवी.

"पण मंत्री आलेच नाईत," बाबा म्हणाले.

"ते आले नाईत हे तुम्हाले माहीत, मले माहीत. वरती ते आले. आता वरून पत्र आलं, आठवीची तयारी कुठवर आली म्हणून. आता मी काय सांगू?"

बाबांनी आवाज चढवला नाही. पण साहेब गेल्यावर ते बराच वेळ नुसते फिरत राहिले. आपण सरकारबद्दल लिहितो असं त्यांना इतकी वर्षं वाटत होतं. सरकार आपल्याकडून उतरवून घेत होतं, हे कळल्यावर त्यांना मोठा धक्का बसला. माफी छापायचीच, हा हट्ट त्यानंतर दुप्पट झाला.

गुरुवारी ओसरी सारवली गेली, चटई पडली. ताई मेणकागद घेऊन बसली. बाबांनी सांगायला सुरुवात केली: मागील अंकातील डोणगाव येथील वृत्त चुकीचे असून... ताईनं लेखणी खाली ठेवली. घरात असं कोणी कधी केलं नव्हतं. माय पिठाच्या हातानं दारात येऊन उभी राहिली.

"काऊन थांबली?" बाबांनी विचारलं.

"बाबा, ते आले नाईत हे लिवते मी. पण आठवीचं कसं चुकलं? आपन तं सारंच आधी लिवतो. जूनपासून म्हनून लिवलं होतं." तिनं मेणकागद सरळ केला. "जून अजून आला नाई."

मी खडे हातात धरून बसले होते. बाबांनी चष्मा काढला, पुसला आणि पुन्हा घातला. अर्ज लिहिणारा माणूस, त्यानं त्या वाक्यात फट शोधली असणार; पद्धत त्यांची स्वतःचीच होती, फट सापडली नाही. मंत्री आले, ही झाली म्हणून लिहिलेली गोष्ट चुकली होती. आठवी ही अजून चुकलेली नव्हती. दोन्ही एका माफीत बसत नव्हत्या. शिवाय, असं मला आता वाटतं, त्यांनी त्या दिवशी पहिल्यांदा ताईचा हात पाहिला. मेणकागदावर टेकलेला, आधीच्या अंकांच्या शाईनं काळवंडलेला.

शेवटी त्यांनी सांगितलं आणि तिनं लिहिलं: मोटार नादुरुस्त झाल्याने माननीय मंत्री डोणगाव येथे पोचू शकले नाहीत. मागील अंकातील आठवीच्या वर्गाबाबतचे वृत्त वाचकांनी जून महिन्यापर्यंत जपून ठेवावे.

वाचकांनी ते जपून ठेवलं. मंत्री आले नाहीत, हा पहिला भाग कोणी मनावर घेतला नाही. कचेरीनं तर मुळीच नाही, कारण त्यांचा अहवाल गेलेला होता. जूनमध्ये एक मास्तर बदलून आले, नव्या खोलीत बाकं आली आणि आठवी सुरू झाली. सुशीताई पहिल्या बाकावर बसली. इंगळे गुरुजींनी हजेरी घेताना तिचं नाव उगीचच दोनदा घेतलं, असं ती सांगायची.

त्या हिवाळ्यात मंत्री खरोखर आले. तेच मंत्री. मोटार चालू होती. स्वागताला ताईला उभं केलं होतं. मंत्री बाकांमधून फिरले, हा वर्ग कधीपासून आहे असं त्यांनी सहज विचारलं, आणि ताई म्हणाली, "साहेब, तुम्ही जाहीर केलं तेव्हापासून." मंत्र्यांनी भुवया उंचावल्या. साहेब, तेच जीपवाले, भिंतीला टेकले. तेव्हा ताईनं हात मागे बांधून त्यांचं भाषण त्यांना म्हणून दाखवलं, शाळेच्या दिव्यापासून टाळ्यांच्या गजरापर्यंत, मधल्या भरितासकट, एकही शब्द न गाळता.

मंत्री लक्ष देऊन ऐकत होते. ऐकता ऐकता त्यांचा चेहरा मऊ झाला.

"हो, हो," ते म्हणाले. "आठवलं. मी बोललो होतो तसं." मग भरिताचं भांडं घेऊन दारात उभ्या असलेल्या आमच्या मायकडे वळून म्हणाले, "आणि तुमच्याकडचं ते भरीत. अजून चव विसरलो नाही."

माय लाजली. पुढं बोलायला उभं राहिल्यावर त्यांनी शाळेच्या दिव्याचं वाक्य पुन्हा म्हटलं, आणि आधीपेक्षा चांगलं म्हटलं, असं सगळ्यांचं मत पडलं. आधीचं कोणी ऐकलेलं नव्हतं.

मांडवातून परत येताना गुरुजींनी बाबांना विचारलं, की गुरुवारच्या अंकात ही बातमी मोठी येणार ना. बाबा काठी टेकत चालले होते. त्यांनी मान हलवली.

"ती आपन मांगच देली," ते म्हणाले.

आठवीनंतर बाबांनीच ताईला एस.टी.त बसवलं; ती मेहकरला शिकली, मास्तरीण झाली, आणि डोणगावच्या त्याच शाळेत तिनं आयुष्य काढलं. सुलतानपूरच्या त्या घरात दुसऱ्या गावची मुलगी सून म्हणून आली, आणि ताई त्यांच्या पोरांना शिकवू लागल्यावर त्यांच्याकडून पुन्हा वांगी यायला लागली. गेल्या वर्षी ती अकोल्याच्या दवाखान्यात होती. बोलणं कमी झालं होतं. मी तिच्या उशाशी बसून औषधाच्या चिठ्ठीमागं तिला वाचता येईल एवढ्या मोठ्या अक्षरात लिहिलं: सुशीताई बरी होऊन डोणगावला घरी परत आली. तिनं चष्मा मागितला, कागद डोळ्यांजवळ धरला, बाबांसारखा दोनदा वाचला.

"तारीख नाई टाकली," ती म्हणाली.

टाकली नव्हती. तेव्हा विसरले, आणि आता मुद्दाम टाकत नाही; तारीख नाही तोवर ती बातमी चुकलेली नाही. तो कागद मी तिच्या कपाटातल्या एका पुस्तकात ठेवला आहे, आणि त्या पुस्तकापर्यंत मी अजून पोचलेली नाही.